ऊस तुटल्याची तारीख

"अजून आठ दिवस काढा राव. मग कोर्ट बी काय करू शकत नाय."

घोडेगावच्या कोर्टासमोरच्या चहाच्या टपरीत माझ्या पाठीमागच्या बाकावर हे वाक्य बोललं गेलं. गुरुवार होता, जून निम्मा सरत आला होता. काळा कोट मी घडी करून पिशवीत ठेवला होता. त्यामुळे पाहणाऱ्याला मी बसची वाट बघणारी कुठलीही मुलगी वाटले असते.

"आन् ती यमुनी आली कोर्टात तर?" दुसऱ्याने विचारलं.

"कशाला येतीय? ह्या रविवारी बसायला बोलावलंय तिला. खुर्ची द्यायची, चहा पाजायचा, पेरण्या झाल्या की बघू म्हणायचं. आजपतूर आलीच न्हवं ऐकत?"

"आप्पा, तुमाला मानलं पायजे," असं म्हणून तिसरा कुणीतरी हसला.

यमुनी. आप्पा. दोन्ही नावं माझ्याच अक्षरात आमच्या ऑफिसातल्या एका फाईलवर होती. मी मागे वळले नाही. चहा तसाच ठेवला आणि जुन्नरची बस पकडली. तासाभराच्या त्या प्रवासात मी बोटांवर महिने मोजत होते, आणि दर वेळी उत्तर तेच येत होतं: मार्चअखेरपासून सहा महिने म्हणजे सप्टेंबर. मग आठ दिवस कुठले?

माझं शिक्षण पुण्यात, कॉन्व्हेंटमध्ये झालं. वडिलांची बदली जुन्नरला झाली, त्याच वर्षी मी वकिलीची परीक्षा पास झाले आणि बाजारपेठेतल्या गल्लीत ऑफिस असलेल्या नाना वकिलांकडे ज्युनियर म्हणून लागले. ही नव्वदच्या दशकाच्या शेवटची गोष्ट. कायद्याची पुस्तकं मला पाठ होती, पण पक्षकाराने "बांध कोरला" म्हटलं की मी त्याच्याकडे बघत राहायची. प्रश्न विचारणं माझ्या स्वभावात नव्हतं. शाळेत मराठी बोललं की पाटीवर नाव लागायचं, आणि इथे मराठी चुकलं की पक्षकार हसायचे. म्हणून मी ऐकायची, इंग्रजीत टिपून घ्यायची, आणि जे कळलं नाही ते अंदाजाने भरायची.

आमच्याकडे जमिनीची भांडणं सगळ्यात जास्त. येणारा प्रत्येक जण आधी सातबारा पुढे करायचा. नाना तो बाजूला सरकवायचे.

"मालकी राहू दे. ताबा कुणाचा होता?"

लोकांना हे पटायचं नाही. मालक मी, मग ताबा कशाला विचारता? नाना समजावून सांगत. तुमच्या हातात असलेली जमीन, घर, दुकान, कुणीही तुमच्या मर्जीविरुद्ध, कोर्टाचा हुकूम नसताना काढून घेतलं, तर स्पेसिफिक रिलीफ ॲक्टचं सहावं कलम तुमच्यासाठी आहे. त्यात कोर्ट तीनच गोष्टी विचारतं: हातात कुणाच्या होतं, काढलं कुणी, आणि काढलं कधी. काढून घेणारा खरा मालक असला, तरी त्याला आधी परत द्यावं लागतं. हक्क असेल तर त्याने दावा लावावा, ट्रॅक्टर घालू नये. मात्र हा दावा सहा महिन्यांच्या आत लावायचा. सहा महिने उलटले की ही वाट बंद. मग उरतो मालकीचा दावा, आणि तो किती वर्षं चालेल ते कुणी सांगत नाही.

बाजारपेठेतल्या एका भांडीवाल्याच्या गोदामाला चुलत भावाने आपलं कुलूप लावलं होतं. हा आमच्याकडे आला सातव्या महिन्यात. त्याआधी तो भाऊबंदांना मध्ये घालत होता. त्याचा मालकीचा दावा मी रुजू झाले तेव्हा अकराव्या वर्षात होता. प्रत्येक तारखेला तो जुन्या कुलपाची किल्ली करगोट्याला बांधून येई. कोर्टात दाखवायला लागली तर, म्हणायचा.

यमुनाबाई आमच्याकडे आल्या मे महिन्याच्या सुरुवातीला, कोर्टाची सुट्टी लागायच्या दोन दिवस आधी. पन्नाशीच्या, उंच, पांढरी साडी, "जय भीम ताई" म्हणून आत आल्या आणि मी सांगेपर्यंत बाकावर बसल्या नाहीत. पारगावजवळच्या एका वस्तीवर त्यांचं राहणं. नवरा वारलेला, मुलगा पिंपरीत कंपनीत. कालव्याच्या कडेला अठरा गुंठे जमीन त्या वीस वर्षं कसत होत्या. सातबारा मात्र अजून सासऱ्याच्या नावावर, त्यात चुलत दिराचाही हिस्सा. मुंबईला राहणाऱ्या त्या दिराने आपला हिस्सा गावातल्या आप्पांना विकला. आप्पांनी हिस्सा वेगळा करून मागितला नाही. सरळ अठराच्या अठरा गुंठ्यांत ट्रॅक्टर घातला आणि वर तारेचं कुंपण केलं. पोलिसांनी हा दिवाणी मामला आहे, कोर्टात जा, असं सांगितलं.

मी विचारलं, "ट्रॅक्टर कधी घातला?"

"ऊस तुटला आन् दोन दिसांनी."

"ऊस कधी तुटला?"

त्या माझ्याकडे बघत राहिल्या. जणू मी विचारू नये ते विचारलं. "तुटला की ताई, पाळी आल्यावर. खोडवा राखायचा व्हता मला. समदी खोडकी उपटून टाकली त्यानं."

पाळी म्हणजे काय, मला माहीत नव्हतं; खोडवा म्हणजे तोडलेल्या बुडख्यांतून पुन्हा फुटणारा ऊस, हेही फार नंतर कळलं. विचारायला तोंड उघडलं आणि मिटलं. त्याच आठवड्यात पेपरात वाचलं होतं की साखर कारखान्यांचा हंगाम मार्चअखेर संपला. मी लिहिलं: ऊसतोड, हंगाम अखेर, मार्च. नानांनी माझा कागद वाचला आणि म्हणाले, "सप्टेंबरपर्यंत वेळ आहे. सुट्टी संपली की करू."

एक गोष्ट मला तेव्हाही खटकली होती. बाई म्हणाल्या होत्या, गावात चारदा बसलो. महिन्याभरात चार बैठका? माझ्या मनात आलं, आणि मी ते मनातच ठेवलं.

शुक्रवारी सकाळी नारायणगावला गाडी बदलून मी पारगावला उतरले आणि विचारत विचारत वस्तीवर गेले. नाना तेव्हा मोतीबिंदूच्या ऑपरेशनसाठी पुण्यात होते. यमुनाबाई ओट्यावर तांदूळ निवडत होत्या.

"ताई! तुमी? एवढ्या लांब?"

"मला ऊस तुटल्याची तारीख बघायचीय. काही कागद आहे?"

त्यांनी आतून पत्र्याचा डबा आणला. बुद्धाच्या आणि बाबासाहेबांच्या तसबिरींखाली बसून आम्ही तो उघडला. रेशनकार्ड, मुलाचा शाळेचा दाखला, आणि तळाशी घडी घातलेल्या दोन पिवळट पावत्या. कारखान्याच्या वजनकाट्याच्या. दोन ट्रॉल्या ऊस, नाव यमुनाबाईंचं, गाव, गट नंबर. तारीख डिसेंबरातली.

"डिसेंबर?" मी पावती उजेडाकडे धरली.

"आमचा पयला नंबर व्हता न्हवं. आडसाली लागण, दीड वरसाचा ऊस. कारखाना सुरू झाला की आधी आमच्या पट्ट्यात टोळी येती."

प्रत्येक शेताची तोड वेगवेगळ्या दिवशी होते. तोडणी कामगारांची टोळी पाळीपाळीने फिरते, नोव्हेंबरात कुणाचा ऊस जातो, मार्चात कुणाचा. हे पारगावातल्या शाळकरी पोरालाही माहीत असतं. म्हणून तर बाईंना माझा प्रश्न कळला नव्हता. 'पाळी आल्यावर' हे त्यांच्या दृष्टीने पूर्ण उत्तर होतं, आणि ती पाळी कधी आली हे मी विचारलंच नव्हतं.

पावतीनंतर दोन दिवस धरले. तिथून सहा महिने मोजले. शेवटचा दिवस सोमवार. शनिवार दुसरा, कोर्ट बंद. रविवार तर बंदच. आप्पा आठ दिवस म्हणत होता ते बहुधा कुंपण घातल्यापासून मोजून. ट्रॅक्टर त्याच्याही आधीचा होता. कोर्ट ट्रॅक्टरपासून मोजणार.

"सोमवारी दावा लावायला हवा," मी म्हटलं. "मंगळवारी नाही चालणार."

"पण रविवारी बसायचं ठरलंय ताई. पाचवी बैठक. या टायमाला मिटंल म्हनत्यात."

टपरीत ऐकलेलं मी त्यांना सांगितलं, जसंच्या तसं. यमुनी म्हटलेलंही. त्यांनी सूप पुढ्यात ओढलं. तांदळातले खडे एका बाजूला सारत राहिल्या.

"खुर्ची द्यायची, असं म्हनला?"

"हो."

"माझ्या सासऱ्याला त्या पारापाशी उभं ऱ्हावं लागायचं. चपला हातात धरून. आन् मला पयल्याच बैठकीला खुर्ची दिली, समद्या गड्यांच्या रांगेत. आप्पा सवता म्हनला, बसा यमुनाबाई. मला वाटलं, आता हितं आपलं ऐकत्याल. त्या खुर्चीपायी म्या सहा म्हयनं घालवलं ताई."

मला तिथेच सांगायचं होतं की सहा महिन्यांतला शेवटचा दीड महिना खुर्चीने घालवला नाही, माझ्या कागदाने घालवला. मी पाणी प्यायले आणि उठले.

संध्याकाळी जुन्नरच्या एसटीडी बूथवरून नानांना फोन लावला. टपरीतलं सांगितलं, पावतीची तारीख सांगितली. 

"शाब्बास," ते म्हणाले. "तू ऐकलंस म्हणून वाचलो. बाईंनी तुला मार्च सांगितलं असणार. तारखांचं या लोकांना भान नसतं, म्हणून कागद बघायचा. लक्षात ठेव पुढच्या वेळी."

मी हो म्हटलं नाही आणि नाही म्हटलं नाही. बूथवाल्याच्या मीटरवर आकडे पळत होते. "दावा कसा लिहू?" एवढंच विचारलं.

"वकीलपत्रावर तुझंही नाव आहे. तूच लिही, तूच लाव."

टायपिस्ट गावी लग्नाला गेलेला, दुसरा रविवारी मशीन उघडेना. शेवटी दावा मी हाताने लिहिला, खाली कार्बन घालून, मराठीत. माझं मराठी अक्षर चौथीतल्या मुलीसारखं होतं. 'वहिवाट', 'बेकायदेशीर', 'ताबा' हे शब्द नानांच्या जुन्या दाव्यांतून बघून उतरवले. मालकीबद्दल एकच वाक्य ठेवलं. बाकी सगळं ताब्याचं: कारखान्याकडे ऊसनोंद कुणाच्या नावे, वजनाची पावती कुणाच्या नावे, पाणीपट्टी कोण भरतं, ट्रॅक्टर कधी आला. तारखेच्या ओळीवर कार्बन सरकला आणि दुसऱ्या प्रतीवर आकडा पुसट उमटला. पूर्ण पान फाडून मी पुन्हा लिहिलं.

रविवारच्या बैठकीला यमुनाबाई गेल्या नाहीत. पाच महिन्यांत पहिल्यांदाच. त्यातच आप्पा सावध झाला असणार. शिवाय वकील मुलगी वस्तीवर येऊन गेली, ही बातमी गावभर झालीच होती.

सोमवारी त्यांची बस वाटेत बंद पडली. मी कोर्टाच्या पायरीवर उभी. दावे घेणारे कारकून दुपारी चारनंतर काही घेत नसत, आणि दाव्यावर यमुनाबाईंची सही हवी होती. एक वाजला, दोन वाजले. अडीचच्या सुमाराला एक जीप आली. त्यातून आप्पा आणि दोघे जण उतरले. गुरुवारी मी फक्त आवाज ऐकला होता. माणूस साठीचा, शांत, पांढरी टोपी, बोलणं मऊ. मला त्यांनी हात जोडले.

"वकीलबाई, तुमी शिकल्यासवरलेल्या. गावची भांडनं कोर्टात आनून काय मिळतंय? आज सांजच्याला बसू. वाटलं तर कागद करून देतो."

मला उत्तर येत होतं. कलमासकट येत होतं. पण मी फाईलच्या नाडीची गाठ सोडून पुन्हा बांधली.

"बोलत न्हाईत जनू," त्यांच्यातला एक जण दुसऱ्याला म्हणाला. "कोर्टात तरी बोलत्यात का?"

तीन वाजून गेल्यावर यमुनाबाई दुधाच्या टेम्पोतून उतरल्या. पदराने चेहरा पुसत पायऱ्यांपाशी आल्या, आणि आप्पांना बघून थबकल्या. आप्पांनी खूण केली. बरोबरच्या माणसाने टपरीतून खुर्ची उचलून आणली आणि कोर्टाच्या आवारात लिंबाखाली ठेवली.

"बसा यमुनाबाई," आप्पा म्हणाले. "उन्हातून आलाय. बसा, च्या घेऊ, हितंच मिटवू. दीर तुमचाच, हिस्सा त्यानं इकला, माझी काय चूक? पाच-सहा गुंठं सोडतो तुमाला. आज शबूद देतो."

यमुनाबाई खुर्चीकडे बघत होत्या. खरंच बघत होत्या. पाच-सहा गुंठे म्हणजे काहीच नाही असं नव्हतं. एकट्या बाईला, कोर्टकचेरी न करता. आप्पांचा आवाज इतका समजूतदार होता की क्षणभर मलाही वाटलं, हा माणूस देईलही. कोर्टातलं घड्याळ खिडकीतून दिसत होतं. साडेतीनला पाच मिनिटं कमी. मी काहीतरी बोलायला हवं होतं. मी एक पाऊल पुढे टाकलं, इतकंच.

"बसते की आप्पा," यमुनाबाई म्हणाल्या. "आधी आत जाऊन येते."

आणि पायऱ्या चढल्या.

मराठी सही त्या सावकाश करत. प्रत्येक पानावर एक, तीन प्रती. कारकुनाने हस्तलिखित बघून चष्मा वर केला, पानं मोजली, तारखेच्या ओळीवर बोट ठेवलं, मग माझ्याकडे बघितलं. "आजचाच दिवस होता का हो?" मी मान हलवली. त्याने शिक्का मारला. बाहेर आलो तेव्हा लिंबाखाली खुर्ची रिकामी होती, जीप गेली होती.

नाना पुण्याहून परत आल्यावर पहिल्याच तारखेला व्हरांड्यात त्यांनी यमुनाबाईंना सुनावलं. "बाई, तारीख नीट सांगत जा. तुमच्या चुकीने सगळं बुडलं असतं. या पोरीमुळे वाचलात."

"चुकलं सायेब," त्या म्हणाल्या. "आमी अडानी." आणि माझ्याकडे बघून हात जोडले.

मी नानांच्या मागे उभी होते. एक वाक्य पुरलं असतं.

दावा अडीच वर्षं चालला. उलटतपासणीत आप्पांच्या वकिलाने यमुनाबाईंना तासभर मालकीवरून धारेवर धरलं, खरेदीखत पुन्हापुन्हा पुढे केलं. न्यायाधीश ऐकत होते. मग त्यांनी वजनाची पावती मागून घेतली आणि विचारलं, "हा ऊस कुणी लावला होता?" आप्पांच्या वकिलाने पुन्हा खरेदीखतच पुढे केलं. निकाल आमच्या बाजूने लागला. अशा निकालावर अपील नसतं. आप्पांनी मग मालकीचा दावा लावला, जो त्यांनी आधी लावायला हवा होता. मी हे लिहितेय तेव्हाही तो सुरू आहे; शेतात ऊस मात्र यमुनाबाईंचा.

मधल्या काळात माझं नाव झालं. आप्पांचे आठ दिवस पकडणारी वकीलबाई म्हणून पारगावच्या बाजूने पक्षकार येऊ लागले. नाना माझी ओळख करून देताना ही गोष्ट सांगत, आणि त्यात दर वेळी ते एक वाक्य असायचं, बाईंनी तारीख चुकीची सांगितली होती. मी तेव्हा फाईलमध्ये बघायची. आज मी तारीख तीनदा विचारते, तीन वेगवेगळ्या प्रकारे, आणि पक्षकार कंटाळतात.

ताबा द्यायला बेलिफ गेला त्या दिवशी मीही गेले. सकाळची वेळ, वस्तीवरचे वीसपंचवीस लोक बांधावर. आप्पांनी माणूस पाठवला होता, ते स्वतः आले नाहीत. बेलिफने चतुःसीमा वाचल्या, तारा काढायला लावल्या, पंचनाम्यावर सह्या घेतल्या. यमुनाबाई चपला बांधावर काढून शेतात गेल्या, ढेकूळ उचलून चुरून बघितलं, परत आल्या.

बेलिफने कागद आवरता आवरता सहज म्हटलं, "नशीब बाई तुमचं. वकिलांनी तारीख पकडली नसती तर आज हितं उभ्या नसता."

"व्हय," यमुनाबाई सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या. "म्या अडानी, तारीख चुकीची सांगून बसले. माझ्या ताईनं वाचवलं." आणि मागे वळून सुनेला हाक मारली. सून विहारातून प्लॅस्टिकची खुर्ची घेऊन आली. बांधावर, सगळ्यांच्या मधोमध, ती ठेवली. यमुनाबाईंनी पदराने पुसली.

"बसा ताई."

सगळे माझ्याकडे बघत होते. मी खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. बसले नाही.

"यमुनाबाई, तुम्ही तारीख कधीच चुकीची सांगितली नव्हती," मी म्हटलं. "ऊस कधी तुटतो ते मला माहीत नव्हतं. विचारायला लाजले, आणि मार्च मी लिहिलं."